दोघांचे एकमत

"हे काय हाये?" सुभद्राने विचारले.

ओला टॉवेल तिच्या हातात तसाच राहिला. नारायणच्या छातीवर चिकटवलेल्या वायरींमधून एक पांढरा, कोरा दोरा डाव्या खांद्यावरून उजव्या कुशीत गेला होता.

"वायर असन," नारायण डोळे मिटून म्हणाला.

"वायरीले ब्रह्मगाठ नसते."

नारायणने डोळे आणखी घट्ट मिटले. शहात्तर वर्षांचा माणूस, पण चोरी पकडली गेल्यावर तोंड करायचा ते शाळेतल्या पोराचे. सुभद्राने टॉवेल पिळला आणि दोरा बाजूला सरकवून छाती पुसली. मग तो होता तसा जागेवर आणून ठेवला. नर्स सलाईनची बाटली बदलून गेली.

"पुष्करनं घातलं?"

"त्यानं घातलं. मागतलं मीनं."

हे खरे बोलणे मात्र त्याचे होते. नारायणच्या नावावर पुष्कळ काही खर्ची टाकता येईल, पण खोटेपणा टाकता येणार नाही. फार तर एवढेच म्हणता येईल, की खरे सांगायला तो जरा उशीर करायचा.

याच जानव्याची थोरली बहीण त्याने एकविसाव्या वर्षी मोर्णेत फेकली होती. अकोल्याच्या जुन्या शहरातल्या भिक्षुकाच्या घरचा पोरगा पुलावर चढला आणि भर बाजाराच्या दिवशी गळ्यातले जानवे काढून त्याने नदीत भिरकावले. पुढे प्रत्येक भाषणात हा प्रसंग यायचा आणि भाषणागणिक नदीचे पाणी वाढायचे. त्याचे दोस्त नत्थुजी सायकलवाले तिथे हजर होते. ते म्हणत, पाणी कुठलं, ते जानवं खाली बाभळीच्या काट्यावर कितीतरी दिवस लटकून होतं, शेवटी बकरीनं खाल्लं. हे ऐकून सगळ्यात मोठ्याने नारायणच हसायचा.

"अजून एक हाये," नारायण म्हणाला.

"बोल."

"मले मेडिकलले नको देऊ. मले जाळा. मोर्णेच्या घाटावर, सगळं मंत्रासगट. पुष्कर करतो म्हनते." त्याने दम घेतला. "पन तू हो म्हनशील तरच. नाईतं नाई."

सुभद्रा टॉवेल वाळत घालायला खिडकीकडे गेली. तिथे दांडी नव्हती. तरी ती बराच वेळ तिथेच उभी होती.

*

जुन्या माणसांना अमरावतीतले 'नकोवाले' आठवत असतील. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला राजापेठेत नत्थुजींच्या सायकल दुकानाच्या मागे दहा-बाराजणांची बैठक भरायची. तिला अध्यक्ष नव्हता, चिटणीस नव्हता, पावतीपुस्तक नव्हते. सरकार नको, मालक नको, भटजी नको आणि पुढारी तर नकोच. माणसे एकमेकांच्या संमतीने नीट राहू शकतात, त्यांच्या डोक्यावर कोणी बसायची गरज नाही, एवढेच त्यांचे म्हणणे. शहाण्या भाषेत याला अराजकवाद म्हणतात. राजापेठेने नाव ठेवले, नकोवाले.

सुभद्रा बाळापूरकडच्या शेतकरी घरातली. काळ्या जमिनीचे घर, चार भाऊ. ती अमरावतीला शिकायला आली आणि शिकता शिकता नकोवाल्यांत जाऊन बसली. नारायणशी लग्न झाले ते त्याच दुकानात, पंक्चरच्या ट्यूबांखाली. भटजी नाही आणि नोंदणीवाला साहेबही नाही. भटजीला हाकलून साहेबाला बोलवायचे, तर मग फरक काय राहिला? दोघांनी उभे राहून सांगितले : आमच्या घरात मालक नाही. दोघांचे एकमत होईल तेच घडेल. एकानेही नाही म्हटले की ती गोष्ट थांबली. टाळ्या झाल्या. नत्थुजींनी शेवचिवडा वाटला.

अट सुंदर होती. तिच्यातली गोम कोणाच्याच लक्षात आली नाही. एकमताच्या घरात ज्याला काही हवे असते त्याला दोन मते लागतात. ज्याला नको असते त्याचे एकट्याच्या मतावर भागते. असे घर ज्याला काही नको त्याच्याच मालकीचे होते, आणि नारायण तर नकोवाल्यांचा म्होरक्या.

सुभद्राला मूल हवे होते. नारायण म्हणाला, आपण फाटकी माणसं, आज जेलात उद्या बाहेर, त्या जिवाचा काय गुन्हा? नाही. मूल थांबले, ते थांबलेच. सुभद्राला फ्रिज हवा होता. नाही. तो आला नारायणला साखर निघाल्यावर, त्याचे इन्सुलिन ठेवायला. सुभद्राची आई बाळापूरला वारली तेव्हा तिला तेरा दिवस माहेरी राहायचे होते. नारायण रागावला नाही. तो कधीच रागवायचा नाही. त्याने फक्त विचारले, "तू पिंडापाशी बसशील? मंग मी लोकाईले काय सांगू?" ती मातीला जाऊन दुसऱ्या दिवशी परत आली. तेरवीच्या दिवशी ती प्रेसमध्ये कुणाच्या तरी लग्नाची पत्रिका जुळवत होती. श्रीगणेशाय नमः तिनेच लावले. पोटासाठी ती पत्रिकांच्या छापखान्यात खिळे जुळवायची. कुठल्याच देवाला न मानणाऱ्या या बाईने वऱ्हाडातल्या हजारो लग्नांना गणपती पुरवला.

तिच्या बाजूचे नकार मात्र शिल्लकच राहिले. पन्नास वर्षांत नाही म्हणावे असे नारायणने काही मागितलेच नव्हते.

आणीबाणीतली गोष्टही सांगितली पाहिजे. बैठकीचे एक पत्रक निघायचे, सायक्लोस्टाईलवर. लिहायची सुभद्रा, वाटायचा नारायण. पोलीस घरी आले. जमादाराने विचारले, हे कोणी लिहिलं? सुभद्रा पुढे झाली. "मी लिहलं." जमादार हसला. "नवऱ्याले वाचवून राहिल्या का, बाई? तुमच्यावानी बायको सगळ्याईले भेटो." आणि नारायणला घेऊन गेला. नारायण ओरडून सांगत होता, की खरंच तिनं लिहिलं. त्याचे ऐकणार कोण? तो सुटला तेव्हा हार पडले, नाव झाले, पुढे गावोगाव भाषणे झाली. सरकारला न मानणाऱ्या बाईला सरकारने शत्रू म्हणूनसुद्धा मानले नाही.

त्या भाषणांतूनच देहदान निघाले. मेल्यावर आपला देह मेडिकल कॉलेजला द्या, पोरे त्यावर शिकतील, भटजीचे पोट भरण्यापेक्षा ते बरे, असे नारायण सांगत फिरला. बोलायचा असा, की ऐकणाऱ्याला आजच मरावेसे वाटावे. कितीक घरांनी आपले आईबाप त्याच्या शब्दावर दिले. जन्मभर सरकार नाकारून शेवटी सरकारी मेडिकललाच जायचे, यातली गंमत सुभद्राने त्याला एकदा दाखवून दिली होती. त्याला ती आवडली नव्हती.

*

अकोल्याच्या त्या दवाखान्यात वॉर्डाबाहेर पुष्कर उभा होता. नारायणच्या धाकट्या भावाचा मुलगा. एरवी अकोल्याच्या कोर्टात वकिली आणि श्रावणात घराण्याची भिक्षुकी. पाय दोन्ही दगडांवर, पण पोरगा सरळ.

"काकू, तुम्ही फक्त हो म्हणा न. बाकी सगळं मी पाहून घेतो."

"कायद्यानं माहा हो लागते का?"

पुष्कर गडबडला. "कायद्यानं… तुमचं लग्न कुठं नोंदलेलंच नाही न. तसं पाहिलं तर मीच जवळचा. पण काकांनी शपथ घातली. म्हणे, सुभद्रा नाही म्हणाली तर तू हूं की चूं करायचं नाही."

"शपथ घातली? देवाची?"

"नाही. तुमची."

सुभद्रा हसली. फार नाही, ओठांपुरते.

"काकू, रागावू नका. ते भेले आहेत. परवा मला विचारत होते, मेडिकलच्या टेबलावर पडल्यावर लाईट लावून ठेवतात का म्हणून."

"मी अमरावतीले जाऊन येतो," ती म्हणाली. "कपडे आनायचे हाये. सांजेले सांगतो."

"कपडे मैथिली देईल न. तिच्याकडे पुष्कळ साड्या पडल्या आहेत." पुष्करने बायकोला पुढे केले.

"मले नत्थुजीले भेटाचं हाये, बापा."

पुष्करने मान खाली घातली. वऱ्हाडात नारायणच्या शब्दावर पहिला देह मेडिकलला गेला तो नत्थुजींच्या बायकोचा, गयाबाईचा. हे त्यालाही माहीत होते.

एसटीत मूर्तिजापूरपर्यंत तिला खिडकी मिळाली नाही. मिळाली तेव्हा बाहेर बघण्यासारखे काही उरले नव्हते. ती मनाशी बोलणी जुळवत होती. नत्थुजी, नारायण भेला. नत्थुजी, त्याले जानवं पाह्यजे. नत्थुजी, तुमीच सांगा. तिला खरे तर त्यांच्याकडून नकार हवा होता. ते नाही म्हणाले असते, तर तिला नाही म्हणणे सोपे गेले असते. पन्नास वर्षांचा साठलेला एक नकार, आणि तोही तत्त्वासाठी. कोणीही नाव ठेवले नसते.

राजापेठेत क्लास सुटले होते. गाड्यांच्या गर्दीतून वाट काढत ती दुकानापाशी आली. सायकली केव्हाच संपल्या. नत्थुजींच्या मुलाने मोबाईलच्या कव्हरांचे दुकान टाकले होते आणि नत्थुजी दाराशी स्टुलावर बसून आल्यागेल्याला 'आंदर या' म्हणत. ऐंशी पार केलेला माणूस, आवाज मात्र अजून खणखणीत.

"या सुभद्राबाई! बसा. कसे हायेत आमचे नारायणजी?"

"आज-उद्या, म्हनते डॉक्टर."

नत्थुजी एकदम कामाचे बोलू लागले. अशा माणसांचे दुःख नेहमी कामाच्या वाटेने बाहेर येते. "मेडिकलवाल्याईले सांगून ठेवलं का? डोये लवकर काढा लागते, बाई. उशीर केला तं वाया जाते. मले फोन कराजा. पोरगा गाडीनं आनून सोडन मले. मी येतो."

"तुमी कायले येता एवढ्या दूर?"

"कायले म्हंजे? गयाले नेलं तवा थे माह्या संगं उभे होते. दारापर्यंत. थो दरवाजा लोटला न आतून, तवा माहा हात त्याईनं धरला होता." त्यांनी आपला हात उताणा करून पाहिला. "माह्या पोरी अजून म्हनते, बाबा, आईची राख ना हाडं, आमी आईले कुठं पाहाव? सन आला का रडते. मी त्याईले एकच सांगतो. नारायणजीनं सांगतलं थे खोटं नसन. थे सोता जातीन तवा पाहाजा."

सुभद्राच्या तोंडात जुळवलेली वाक्ये तशीच राहिली.

"नत्थुजी," ती म्हणाली, "नारायणले मेडिकलले नाई देऊन राहिलो आपन."

"म्हंजे?"

"जुन्या शहरात नेतो. पुष्कर करन घाटावरचं सगळं."

"कोन म्हनते असं?"

रस्त्यावर कोणीतरी हॉर्न वाजवत राहिले. तो थांबेपर्यंत तिला वेळ मिळाला. तेवढा पुरला.

"मी म्हनतो."

नत्थुजी हसले. "मज्याक करता का?"

"नाई."

"नारायणजीले इचारलं?"

"त्याले सुद नाई."

जन्मात तिने केलेले हे पहिलेच मोठे खोटे, आणि ते तिला इतके सफाईने जमले की तिचे तिलाच नवल वाटले. नत्थुजी तिच्याकडे बघत राहिले. हसू त्यांच्या चेहऱ्यावरून हळूहळू उतरले.

"त्याईले सुद नाई म्हनून तुमी त्याईचा शब्द मोडता? ज्या मान्सानं जनम काढला एका शब्दावर…"

"हो."

"काहून पन? काहून, सुभद्राबाई? तुमी तं…"

"मले वाटलं तसं."

"शेवटी तुमीबी बाईमानूसच निघाल्या," नत्थुजी म्हणाले. ते स्टूल फिरवून दुकानाकडे तोंड करून बसले. आत मुलगा गिऱ्हाइकाला कव्हर दाखवत होता. त्याने लाल काढले, मग निळे काढले. नत्थुजी ते मन लावून बघू लागले, जसे काही घ्यायचे त्यांनाच होते.

*

ती परत आली तेव्हा वॉर्डात दिवे लागले होते. नारायण जागा होता.

"आली?"

"आली."

ती खुर्ची ओढून बसली. इतक्या वर्षांच्या एकमतात त्याला वाट बघायची सवय नव्हती, हे तिला आत्ता दिसले. ओठ कोरडे पडले होते. तिने चमच्याने पाणी घातले.

"हो," ती म्हणाली.

"काय हो?"

"थेच. घाट, मंत्र, सगळं. हो."

"मनापासून?"

"आता मनाचे हिशेब नको मांगू, नारायण. हो म्हनलं न."

त्याचे डोळे भरले. पुसायला हात उचलत नव्हता, म्हणून ते कानांकडे वाहत गेले. "नत्थूले सांगतलं?"

"सांगतलं."

"काय म्हने थो?"

"बरं म्हने."

"बरं म्हने?" तो चकित झाला, मग सुखावला. "मोठ्या मनाचा मानूस. मले वाटलं, शिव्या देईन." त्याने मान तिच्याकडे वळवली. "मी भेलो, सुभद्रा. जन्मभर कोनाले भेलो नाई, अन् आता…"

"भेत होता. मी पाह्यलं न."

यावर तो हसायचा प्रयत्न करू लागला. मग एकाएकी म्हणाला, "अन् तू?"

"मी मेडिकललेच जाईन."

"मंग आपन अलग अलग?"

सुभद्राने त्याच्या अंगावरची चादर नीट केली. दोरा वायरीत गुंतला होता तोही सोडवला. "झोप आता," ती म्हणाली.

तिसऱ्या दिवशी सकाळी नारायण गेला. पुष्करने काहीच कमी पडू दिले नाही. बायका घाटावर जात नाहीत असे कोणी तरी म्हणाले. पुष्कर त्याला म्हणाला, "काकूला सांगून पाहा." कोणी सांगितले नाही. ती शेवटपर्यंत उभी राहिली. मंत्र चालू असताना तिने हात जोडले नाहीत आणि तोंडही फिरवले नाही.

संध्याकाळपर्यंत बातमी वऱ्हाडभर मोबाईलवरून फिरली. नारायणजी शेवटच्या श्वासापर्यंत विचारांवर ठाम होते. ते बेशुद्ध असताना घरच्यांनी त्यांचा विचार जाळला. एकाने तर स्पष्टच लिहिले, सिंह आयुष्यभर लढला आणि शेवटी घरातल्या बाईच्या भीतीपुढे हरला. खाली रडणारी तोंडे आणि हात जोडलेली चित्रे होती.

पुष्कर फोन घेऊन तिच्यापुढे आला. "काकू, हे मी खपवून घेणार नाही. काका स्वतः मागत होते. मी लिहितो."

"काई लिहू नको."

"पण खरं ते…"

"पुष्कर, कितीक घराईनं मायबाप देले त्याच्या शब्दावर. त्याईच्या पोरी सनावाराले रडते. त्याईले काय सांगशील? सांगनाराच भेला म्हनून?"

"मग तुमचं काय?"

"माहं काय?" सुभद्रा म्हणाली. प्रश्न ती खरोखरच विचारत असावी, कारण उत्तरासाठी थोडी थांबली. मैथिली चहा घेऊन आली.

*

पंधरवड्याने अमरावतीत शोकसभा झाली, राजापेठेतल्या एका शाळेच्या हॉलमध्ये. जुन्या रिवाजाप्रमाणे अध्यक्ष नव्हता, व्यासपीठ नव्हते. सतरंजीवर सगळे गोल करून बसले आणि ज्याची पाळी येईल तो बसल्या जागेवरून बोलू लागला. सुभद्रा न सांगता आली, भिंतीपासून हातभर पुढे बसली. जुनी माणसे होती, पुष्कळ नवीनही होती. नत्थुजी बरोबर समोर होते. त्यांनी तिच्याकडे पाहिले नाही.

प्राध्यापक गजेंद्र चांगले बोलले. ते नारायणच्या भाषणांवर वाढलेले, त्यामुळे त्यांना आवाज कुठे खाली आणायचा ते कळत होते. "आपण काय शिकायचं यातून?" ते म्हणाले. "माणूस बाहेर कितीही जिंको, त्याचा पराभव घरात होतो. मी कोणाचं नाव घेत नाही." त्यांनी नाव घेतले नाही. सगळ्यांनी सुभद्राकडे बघून घेतले.

कोणी आणीबाणीची आठवण सांगितली. ते पत्रक नारायणजींनी किती धारदार लिहिले होते, त्यातल्या दोन ओळी त्या माणसाला अजून पाठ होत्या. त्याने त्या म्हणून दाखवल्या. एक शब्द चुकला. सुभद्राने तो सुधारला नाही.

पाळी फिरत फिरत तिच्यापर्यंत आली. समोर नत्थुजींनी पहिल्यांदा मान वर केली. त्या म्हाताऱ्या डोळ्यांत राग होता, पण रागाखाली काही मागणेही होते. काहीतरी सांगा, बाई. कसेही. मला पटेल असे.

"मले काई बोलायचं नाई," सुभद्रा म्हणाली.

पाळी पुढे गेली.

माणसे अजून येतच होती. हॉल भरला, दाराशी गर्दी झाली, काहीजण भिंतीला टेकून उभे राहिले. एका तरुणीने आत येऊन बसायला जागा शोधली, सुभद्राच्या शेजारची मोकळी सतरंजी पाहिली, शेजारणीने काही कानात सांगितले, आणि ती मागे जाऊन उभी राहिली. सुभद्राच्या उजवीकडे दोन माणसांची जागा रिकामी होती, डावीकडेही तेवढीच.

भाषणे लांबत चालली. सुभद्राच्या गुडघ्यांना कळ लागली होती. तिने आधी एक पाय हळूच पुढे केला, मग दुसरा. दोन्ही हात मागे टेकवले आणि पुढचा माणूस काय बोलतो ते ऐकू लागली.